न झालेल्या लेकीची घंटा

अंबरपेठ, शुक्रवार संध्याकाळ

देव्हारा, समई आणि ही पितळी घंटा. तिन्ही मी केली, कोणाकडे न शिकता. घंटेचा लोलक तेवढा किंचित खरखरतो.

आमच्या घरी शुक्रवारी दिवा लावून घंटा एकदाच वाजवतात. नाद विरेपर्यंत कान दिला की जे घडलं नाही ते ऐकू येतं. सुधाला आमची न झालेली लेक ऐकू येते. आज म्हणाली, "अहो, कॉलेजात गेली ती! तुमच्यासारखीच हुज्जत घालते." मला नुसती खरखर. लोलक घासू का? नको, लेकीचा आवाज गेला तर?

दुपारी आबिड्स बाजारातला दुकानदार ही घंटा विकत द्या म्हणून मागे लागला होता, "चाचा, तुम दुसरी बना लेव ना." बनवीन, पण लेक येईल का तिच्यात? नक्को म्हणालो. चाळीस हजार देत होता.