घशाच्या काठावरून

मंगळवार, सकाळ

प्रिय ठोंब्या,

अनेक आशीर्वाद. तुझ्या दाढीत आता पांढरे केस आले असतील, तरी मी ठोंब्याच म्हणणार. रागावायचं तर तिकडेच रागाव.

कोट पोचला. शिवण बघून शेजारीण म्हणाली, भाऊ मोठा कारागीर दिसतो. मी म्हटलं, साधं बटण लावून दे म्हणून हा माझे कान खायचा. भाऊजींना खांद्यात बसला का, असं तू विचारलं आहेस. कापड फार छान आहे. आतून जाड अस्तर लावलंस ते बरं केलंस, यंदा थंडी लवकर पडली. शेळीला दोन करडं झाली. मागच्या खोलीचं छप्पर गळतं आहे.

मागच्या खोलीत आई आहे. तुझ्या पत्रांत तिची चौकशी नसते आणि मीही आपणहून कधी लिहीत नाही. आज लिहिते.

तिच्या जबड्याचं हाड मोडलं आहे. उजवा डोळा गेला. वैद्य रोज फडकी बदलतो आणि माझ्याकडे न बघता निघून जातो. कापसाच्या बोळ्याने दूध पाजते, निम्मं बाहेर येतं.

घसा तू विसरला नसशीलच. डोंगराच्या पोटातलं ते काळं भोक तसंच आहे, कडा कायम ओल्या. वरून उडणारा पक्षी कधी पलीकडे पोचतो, कधी मधेच आत ओढला जातो. आत ऊबदगड आहेत म्हणून माणसं उतरतात. एक खडा खोलीत ठेवला की हिवाळा निघतो, नसला तर लेकरं गारठून मरतात. अजूनही चार माणसं दोर कमरेला गुंडाळून वर उभी राहतात आणि कुऱ्हाड उतरणाऱ्याच्या घरच्या माणसाकडे असते. परका घाईने तोडेल, म्हणून घरचं माणूस. घसा श्वास आत घ्यायला लागला की दोर तोडायचा, नाहीतर तो वरच्यांनाही नेतो.

गेल्या आठवड्यात तुझे भाऊजी उतरले. कुऱ्हाड माझ्याकडे होती.

उतरताना म्हणाले, कोटाचं पार्सल आलं तर उघडू नकोस, मी येऊन उघडतो. लख्ख ऊन होतं. मग पाचोळा काठाकडे सरकायला लागला, त्यामागून खडे, आणि माझ्या डोक्यावरचा रुमाल उडून आत गेला. चौघांनी टाचा रोवल्या. लोहार ओरडला, "तोड." सगळ्यांत पुढे सुतार होता. दोर त्याच्या कमरेत रुतला, सदरा फाटला, मांस दिसायला लागलं. तरी तो नुसता माझ्याकडे बघत राहिला. तो काठावर तोंडावर आपटला आणि तसाच आत गेला. त्याच्या मागच्या कुंभाराने दगडाची फट धरली होती, तोही गेला. त्याची नखं अजून त्या फटीत आहेत, मी जाऊन पाहिली. लोहाराचा पाय मोडला. चौथा वाचला.

मी उभी होते. हात वर होता, कुऱ्हाड हातात होती.

खालच्या बांधावर आई होती. आपल्या घरचं कुणी उतरलं की ती तिथे येऊन उभी राहायची, हे तुला कुणी सांगितलं नसेल. तिने धावत वर येऊन माझ्या हातातून कुऱ्हाड हिसकावली आणि एका घावात दोर तोडला. ताणलेला दोर उलटून तिच्या तोंडावर बसला.

तेव्हा कोट त्यांनी घातला नाही. पार्सल दुसऱ्या दिवशी आलं.

दोन दिवसांनी सुताराची बायको आली. केस धरून तिने मला अंगणातून फरफटत नेलं, फळीने पाठ फोडून काढली. मी हात वर केला नाही. दोन बोटं मोडली, म्हणून अक्षर असं आलं आहे. तिचं काही चुकलं असं मला वाटत नाही.

आता जे कुणालाच सांगितलं नाही ते. कुऱ्हाड धरणाऱ्याचा डावा हात दोरावर असतो, ते तू पाहिलं आहेस. दोन झटके म्हणजे ओढा, तीन म्हणजे तोडा. पण घसा ओढायला लागला की आतला माणूस शुद्धीवर नसतो, तिसरा झटका कधी येतच नाही, असंच आपण ऐकत आलो. ठोंब्या, तो येतो. पाचोळा हलला तेव्हाच आला. सावकाश, दारावर थाप द्यावी तसे तीन. त्यांनी मला तोड म्हणून सांगितलं आणि मी ऐकलं नाही. बाबांचा दोर आईने तोडला तेव्हा तू तिला जे म्हणून घर सोडलंस तेच माझ्या डोक्यात होतं. "अजून वेळ होता. तू मारलंस त्यांना." मला वाटलं, अजून वेळ आहे.

बाबांच्या वेळी आईने दोर इतक्या लवकर का तोडला, हे आपण तिला कधी विचारलं नाही. वरचे चौघेही तेव्हा धडधाकट घरी गेले होते.

काल मी विचारलं, "आई, बाबांनीही झटके दिले होते का?"

तिने एक डोळा माझ्याकडे वळवला. मग माझं मनगट धरलं आणि तीनदा ओढलं.

आम्हाला सांगितलं का नाहीस, म्हणून मी रडले. तिने तोंड भिंतीकडे केलं. बाप आपणहून आपल्याला सोडून गेला असं तुला वाटण्यापेक्षा तू तिचा राग केलेला तिला चालला असावा. इतकी वर्षं तो राग तिने एकटीने पोसला. मला तिची फार दया येते, आणि तुझाही राग येत नाही.

निघ. माफी मागत बसू नकोस, तिला उत्तर देता येणार नाही. नुसता शेजारी बस आणि हात तिच्या हातात दे, काय सांगायचं ते ती सांगेल. तुझा कोट तिच्या अंगावर घातला आहे. बाह्या लांब होतात, पण ती तो काढू देत नाही.

वैद्याने आज जाताना पहिल्यांदा माझ्याकडे पाहिलं. तेव्हा अजून वेळ होता असं तू म्हणाला होतास. तो नव्हता. आता आहे, पण फार थोडा.

तुझी,
ताई