धुरळ्याच्या पुढचा शेवट

२१ नोव्हेंबर २०२५, शुक्रवार
मी, माणिकराव किशनराव सांगळे, बी. कॉम., वय छप्पन्न, जिंतूर येथील एका चित्रगृहाचा व्यवस्थापक. पुतणी अपेक्षा हिने दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट आज आमच्याकडे लागला. तो कसा टिकतो, याची खरी नोंद राहावी म्हणून लिहितो. वितरकाची अट स्पष्ट आहे — आठवडाभरात प्रेक्षक आले, तर पुढे सेलू आणि गंगाखेड. न आले, तर शुक्रवारी पोस्टर उतरवायचे. निम्मे चित्रीकरण इथल्या जवळच्या झरी गावात झाले आहे. गर्दी होईलच.

२२ नोव्हेंबर
झाली नाही.

२३ नोव्हेंबर
दारावर तिकिटे फाडणारा भागवत चहाच्या टपरीवरून हसत आला. "सायेब, लोक मलाच इचारायलेत, पोरगी बसमंदी चढली का न्हाई?"

चित्रपटाच्या शेवटी एसटी निघून जाते आणि पडद्यावर नुसता धुरळा राहतो. पोरगी गेली की थांबली, हे अपेक्षाने मुद्दाम सांगितलेले नाही. म्हणजे ही मंडळी शेवटापर्यंत पोहोचली आहेत — आमच्या दारातून न जाता! चोरीची प्रत शुक्रवारपासूनच मोबाईलवर फिरते आहे.

जिंतुरात ती प्रथम ज्याने पाठवली, तो सापडल्यास त्याला आठवडाभर भागवतच्या जागी उभा करीन. हे लेखी देतो.

संध्याकाळी अपेक्षाचा पुण्याहून फोन. "काका, झरीहून सगळ्यांचे मेसेज यायलेत, लय भारी झालाय म्हणून. थेटरात एक पण गेला नाही. हा उतरला तर दुसरा कोण करू देणार मला?" मी भागवतला उद्या लवकर यायला सांगितले.

२४ नोव्हेंबर
खोटे बोलणे मला मान्य नाही. म्हणून भागवतला पढवले — कोणी शेवटाविषयी विचारले, की आपणच विचारायचे, "तुमच्या मोबाईलमंदी कुठपर्यंत हाय?" ते म्हणतील, धुरळ्यापर्यंत. मग मान हलवायची, "एवढंच व्हय?" म्हणायचे आणि चहा पीत राहायचे.

यात एकही असत्य विधान नाही. मी पुन्हा तपासले.

२५ नोव्हेंबर
भागवतने आज फार चहा घेतला.

२६ नोव्हेंबर
बाल्कनी भरली. धुरळा आला, दिवे लागले, तरी कोणी उठेना. "संपला व्हय?" "संपला की." तक्रार करावी, तर आधी चोरून पाहिल्याचे कबूल करावे लागते. एक गृहस्थ तावातावाने माझ्या खिडकीपर्यंत आले, खाकरले, आणि "पिच्चर चांगला हाय" एवढे बोलून गेले. मी आभार मानले.

घरी जाऊन ही मंडळी शेजाऱ्याला खरे सांगणार नाहीत. एकट्यानेच फसणे कोणाला आवडते?

२७ नोव्हेंबर
खालचे सभागृहही भरले. वितरकाचा फोन — सेलू आणि गंगाखेड, दोन्ही. अपेक्षाला कळवले. तिने दोन्ही गावांची नावे माझ्याकडून पुन्हा वदवून घेतली.

२८ नोव्हेंबर
दुपारच्या खेळाला पत्नी मंजुषा आली. गुडघ्यामुळे आठवडाभर चित्रगृहाच्या पायऱ्या नकोत म्हणत होती. बाहेर येताच फणकारली, "इथं बी धुरळाच की वो! पुढचं कुठं गेलं?"

"इथे बी म्हणजे?"

"बहिणीनं पाठविला होता. आपल्या अपेक्षाचं पिच्चर, म्हणून मीच कौतुकानं सगळ्या बायांना धाडलं. पहिल्याच दिवशी."

दारावर खुर्ची ठेवली आहे. तिकिटे ती बरोबर मधोमध फाडते.

माणिकराव किशनराव सांगळे
जिंतूर, २८ नोव्हेंबर २०२५