कापलेली पुस्तकं

आई, तुझी पुस्तकं वाचनालयाने नाकारली. त्याबद्दल अध्यक्षांना खरमरीत पत्र लिहायचं म्हणून बसलो होतो. 'माननीय' एवढा शब्द लिहिला आणि हात पुढे जाईना, इतका राग आला होता. मग कागद बदलला आणि तुला लिहायला घेतलं. तुला निदान माननीय म्हणावं लागत नाही.

आपल्या भागातल्या वाचनालयाला तुझ्या नावाचं दालन करायचं आहे. दालन म्हणजे जिन्याजवळची एक भिंत आणि काचेचं एक कपाट. गेल्या रविवारी अध्यक्ष स्वतः घरी आले. सोबत वाचनालय सांभाळणारी मुलगी होती, ती दाराजवळच्या खुर्चीवर बसली. अध्यक्षांनी तुझा फोटो मागितला, पुरस्काराची ढाल मागितली, चष्मा आहे का विचारलं. मी म्हटलं, तिने वाचलेली पुस्तकं आहेत, ती न्या. ते खूश झाले. मग मी दिवाणाखालच्या पेट्या बाहेर ओढल्या आणि त्यांचा चेहरा पडला. प्रत्येक पुस्तकाचे तीन नाहीतर चार तुकडे, जाडजूड कादंबऱ्यांचे सात-आठ. दाभणाने घातलेला गोधडीचा दोरा, वरून जुन्या कॅलेंडरचं कव्हर, पानांवर तेलाचे आणि हळदीचे डाग.

"अहो, ही फाडली कोणी?"

"फाडली नाहीत, कापली आहेत. आईने."

"काहीतरीच काय! मॅडमसारखी विदुषी असं करेल का? लहानपणी तुमचेच उद्योग असतील." ते हसले, आणि मला समजावून सांगायला लागले की यातलीच पुस्तकं नवी कोरी विकत घेऊन ठेवू, कपाटात शोभून दिसतील, लोकांना काय कळतं. मग खिशातून भिंतीवरच्या फलकाचा मजकूर काढून त्यांनी मोठ्याने वाचला: 'संसाराची जबाबदारी सांभाळून त्यांनी साहित्याची अखंड सेवा केली.'

संसार सांभाळून! आपल्या घरात डाळ खाली लागली नाही असा आठवडा मला आठवत नाही. बाबा पहिला घास घ्यायचे आणि विचारायचे, "आज किती पानं वाचली डाळीत?" तू म्हणायचीस, "चांगलं पुस्तक आहे, जेवा चुपचाप." दूध उतू जायचं, कुकरच्या शिट्ट्या आम्ही दोघं बाहेरच्या खोलीतून मोजायचो, कारण तू मोजत नसायचीस. आणि सेवा कोणाची? तुला वाचल्याशिवाय राहवत नव्हतं आणि वाचून झालं की लिहिल्याशिवाय राहवत नव्हतं, एवढंच होतं ते. सेवा म्हटलं की माणूस कसा हात जोडून उभा दिसतो. तू ओट्याला पोट टेकवून उभी असायचीस, एका हातात कलथा, दुसऱ्या हातात पन्नास-साठ पानांचा तुकडा, आणि कोणी हाक मारली तर चेहऱ्यावर स्पष्ट वैताग. हा वैताग फलकावर कोण लिहिणार?

मी न्यायाने बोलतो आहे की नाही, हे मी पुन्हा पुन्हा तपासून पाहतो. हिंगण्याच्या कारखान्यात कामगार अधिकारी म्हणून माझं कामच ते आहे, दोन्ही बाजू ऐकून घ्यायच्या आणि मग तोंड उघडायचं. अध्यक्षांची बाजू मला कळते. फाटकं पुस्तक वाचनालयात ठेवलं तर लोक त्यांनाच बोलतील. पण फाटकं आणि कापलेलं यातला फरक मी त्यांना तीन वेळा सांगितला, आणि तिन्ही वेळा ते मला बरं नाही अशा नजरेने पाहत राहिले.

तो फरक मला तू शिकवलास. मी पाचवीत असेन. शाळेत नुकतंच शिकवलं होतं की पुस्तकाला पाय लागला तर नमस्कार करायचा. घरी आलो तर तू जमिनीवर बसलेली, मांडीवर कोरी कादंबरी उताणी, आणि हातात ब्लेड. मी ओरडलोच.

"काय करून राहिली तू? पुस्तक आहे ते!"

"मंग? थान कापल्याबिगर लुगडं नेसता येते काय गा?"

तू उमरेडच्या विणकराची मुलगी. मागावरून उतरलेलं कापडाचं अख्खं थान कापलं जातं तेव्हाच ते कोणाच्या तरी अंगावर जातं, हे तुझ्या डोळ्यांसमोर रोज घडलेलं. अख्खं पुस्तक ओट्यावर उघडं राहत नाही, पर्समध्ये डब्याशेजारी मावत नाही, तू टायपिस्ट होतीस त्या सदर भागातल्या ऑफिसात टाइपरायटरच्या आडोशाला तर मुळीच मावत नाही. तुकडा मावतो. आणि मुख्य म्हणजे एकच पुस्तक दोन माणसांना एकाच वेळी वाचता येतं. तू पुढे, मी मागे. तुझा पहिला भाग झाला की तो माझ्या हातात यायचा, आणि तो संपला की मी तुझ्या पाठीशी येऊन उभा राहायचो. दुसरा तुझ्याकडेच अडकलेला असायचा.

ती तगमग मला आजही जशीच्या तशी आठवते. तू पोळ्या लाटते आहेस, तुकडा पिठाच्या डब्याला टेकवून ठेवला आहे, आणि मी विचारतो आहे, त्या माणसाचं पुढे काय होतं? तू मान वर न करता म्हणतेस, "तूच सांग, काय होईन?" मले काय माहीत, असं मी म्हणतो. "नाही माहीत, तर लिही. तोवर माझं होते." मी पाठकोऱ्या कागदावर लिहायचो. संध्याकाळी तू ते वाचायचीस, अगदी त्या कादंबरीसारखंच, ओट्याला टेकून, डाळीकडे दुर्लक्ष करून. घरात दुसऱ्या कोणत्याही गोष्टीसाठी इतकं लक्ष मला मिळालं नाही. माझ्या नावावर आज जे एक पुस्तक आहे, ते त्या लक्षाच्या हव्यासातून आलेलं आहे.

कौतुक मात्र नाही. एकदा मी दुष्ट सावकाराला पश्चात्ताप करायला लावला, सासूला प्रेमळ केलं, हरवलेला मुलगा परत आणला. तू वाचलंस आणि कागद परत दिलास. "सगळ्यायले चांगलं करून टाकलं तू. भेतो कोणाले?" मी रडलो. तू समजूत काढली नाहीस. कपाटाचं दार उघडलंस, आतल्या बाजूला मासिकांतून कापून चिकटवलेली चित्रं होती, त्यातलं एक दाखवलंस. खिडकीशी बसलेली एक बाई. "हिचा हात पाह्य. हातात काही नाही, पण हात रिकामा वाटते काय? अशी बाई लिही. ते चांगली आहे का वाईट, ते मले नको सांगू." मग पुढचा भाग माझ्या हातात दिलास. तो तू स्वतः अजून पूर्ण वाचला नव्हतास.

हे सगळं त्या कपाटातल्या कोऱ्या प्रतींमधून कोणाला कळणार आहे, असं मी अध्यक्षांना विचारणार होतो. फोटो देणार नाही, ढाल देणार नाही, तुझं नावसुद्धा भिंतीवर लावू देणार नाही, असं लिहिणार होतो. वाक्यं तयार होती. चांगली होती, तुला आवडली असती.

पण आज सकाळी त्या मुलीचा फोन आला. तीच, दाराजवळ बसलेली. म्हणाली, "दादा, मी सरांशी भांडली. तुमच्या पेट्या घेऊन या, मी ठेवून घेते. पण काचेत नाही हं ठेवणार. वाचायला देईन, एकेक भाग. एक नेला की दुसऱ्यासाठी माणूस परत येतेच ना."

मी विचारलं, हरवले तर? पेटीतला एखादा मधलाच भाग गेला तर?

"जाईन एखादा. मंग लोक विचारतीन, मधात काय झालं. विचारू द्या ना."

तुझ्याशी तिची कधी भेट झालेली नाही. तू गेलीस तेव्हा मी तिशीचाही नव्हतो, ती शाळेत असेल. तरी तिला जे फोनवर उभ्या उभ्या सुचलं, ते मला इतक्या वर्षांत सुचलं नाही. मी पेट्यांना दर दिवाळीला डांबरगोळ्या घालत आलो; पुढच्या भागासाठी ताटकळणारा आजवर मी एकटाच होतो. मी तिला म्हटलं, कळवतो. दुपारी तिचा पुन्हा फोन आला, तो मी घेतला नाही.

अध्यक्षांना ते पत्र आता लिहिता येणार नाही, त्याला कारणच उरलं नाही. आणि तुला जे सांगतो आहे, ते घरातही बोललेलो नाही. त्यांनी तुझी पुस्तकं नाकारली तेव्हा मला राग आला, हे खरंच आहे. पण त्या मुलीने ती मागितली, तेव्हा त्याहून जास्त आला.