सौंसरच्या सुनावणीआधीची निरवानिरव

मी, पंचफुला रघुनाथराव घागरे, वय एकसष्ट, राहणार खैरीटोला, लोधीखेड्याजवळ, तहसील सौंसर, जिल्हा पांढुर्णा, पूर्ण शुद्धीत असून हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. अशा कागदात 'कोणाच्याही धाकाखाली नाही' असे लिहायची रीत आहे. ते खोटे माझ्याने लिहवत नाही. मी फार भ्यालेली आहे. मात्र खालचा एकही शब्द कोणी सांगितला म्हणून लिहिलेला नाही.

एक. गावचे रेशन दुकान आमच्या महिला बचत गटाच्या नावावर आहे आणि अकरा वर्षांपासून विक्रेती मी आहे. ते वारशात जात नाही. माझ्यामागे किल्ली, अंगठ्याची मशीन, वजनकाटा व रजिस्टर पंचनामा करून अन्न खात्याकडे द्यावे. मुलगा प्रफुल्ल याने हक्क सांगू नये व तिथला दाणाही घरात आणू नये.

दोन. हा कागद का करावा लागला ते मुलांना नीट कळावे म्हणून लिहिते. पोते मोजल्याशिवाय पावतीवर सही करू नये, फलकावर खरा साठा लिहावा, कार्डधारकाला पूर्ण वजन द्यावे, हे नियम नेमणुकीच्या दिवशी मला वाचून दाखवले होते. खाली माझी सही आहे. तरी चार वर्षे वाहतूकदाराच्या गाडीतून पन्नास किलोचे पोते पंचेचाळीस भरत आले आणि मी पन्नासवर सही करत आले. तूट लोकांच्या पिशवीतून काढली. माणशी पाचाऐवजी साडेचार किलो. मी पैसा खाल्ला नाही, पण दुकान जाईल या भीतीने गप्प राहिले. तोही गुन्हाच.

यंदा आषाढात शेतमजुरी करणाऱ्या वत्सलाबाईंनी आपले धान्य किराणा दुकानात मोजून पाहिले आणि पिशवी परत आणून माझ्यासमोर ठेवली. आवाज चढवला नाही. "बाई, आमच्या घासातलं कायले काढून राहिल्या?" एवढेच विचारले.

पुढची गाडी आली तेव्हा मी गावासमोर पोती मोजायला लावली. एकही पूर्ण भरले नाही. मी सही केली नाही. गाडीचा ड्रायव्हर राजू बाजूला येऊन म्हणाला, "काकू, सही करून टाका. हे लोक चांगले नाहीत." मी सौंसरला तहसील कार्यालयात वाहतूकदाराविरुद्ध तक्रार दिली, त्यात माझी चूकही लिहिली. सुनावणी येत्या अठरा तारखेला आहे.

तक्रारीनंतर आठ दिवसांनी दोन अनोळखी माणसे दुकानात आली. पाणी मागितले, बसून प्याली. एकाने माझ्या नातीबद्दल सहज विचारले, "अश्विनीताईची पोरगी बोरगावच्या शाळेतून किती वाजता सुटते?" उत्तराची वाट न पाहता निघून गेली. तेव्हापासून मोटारसायकल थांबल्याचा आवाज आला की मी शटर अर्धे ओढते. मग वेळेत दुकान उघडे ठेवायचा नियम आठवतो आणि पुन्हा वर करते.

तीन. मी विहिरीकडे जाणे सोडले आहे. कोणाच्या गाडीवर बसत नाही, दुसऱ्याच्या हातचे खात नाही. म्हणून मी विहिरीत घसरले किंवा गाडीवरून पडले असे कोणी सांगितले, तर मुलांनी पोलिसांच्या तशा कागदावर सही करू नये, शवविच्छेदन मागावे. तक्रारीची नक्कल खाली साक्षीदार असलेल्या गौतम गुरुजींकडे आहे.

चार. राहते घर प्रफुल्लला. तो म्हणाला, "आई, इतकी वर्षं चाललं, आताच काय झालं?" मी रागावलेली नाही. त्याने घरात सुखाने राहावे.

पाच. दीड एकर संत्र्याची बाग मुलगी अश्विनीला. तिने पोरीची शाळा बदलली, पण तक्रार मागे घे असे एकदाही म्हटले नाही.

सहा. माझ्या पाटल्या मोडून गहू घ्यावा व सर्व कार्डधारकांना वाटावा, वत्सलाबाईंपासून सुरुवात करून. याला दान म्हणू नये.

सात. दीर मधुकरराव दुकानाच्या निगराणी समितीत होते. पोते न पाहता सह्या केल्या आणि आता मला घराण्याची अब्रू शिकवतात. त्यांनी मला खांदा देऊ नये.

वरील सर्व मला मान्य.
पंचफुला रघुनाथराव घागरे

साक्षीदार पहिले: गौतम गुरुजी, निवृत्त शिक्षक, लोधीखेडा.

दुसऱ्या साक्षीदारासाठी मी पाच घरे फिरले. कोणाला ताप होता, कोणाला गावाला जायचे होते. आज दुपारी राजूची बायको दामिनी आपणहून आली. मी तिला म्हटले, घरी जा, तुझ्या नवऱ्याची नोकरी जाईल. ती म्हणाली, "गाडी वाटेत कुठी रिकामी होते, ते मी त्याहीच्याच तोंडून ऐकलं आहे. इथं सही करतो, अन् अठराले सौंसरलेही येतो तुमच्यासंगं."

साक्षीदार दुसरी: दामिनी राजू बोबडे, खैरीटोला.

स्थळ खैरीटोला, १४ सप्टेंबर २०२५.