परतीच्या हवेची जाळी

आबा, गंगाखेडच्या बंगल्यात आज परतीच्या हवेची जाळी बसली. तुम्ही गेलात तेव्हा असलं काही आपल्याकडे नव्हतं. छतातल्या डक्टमधून गार हवा खोल्यांत जाते आणि हॉलमधल्या एका जाळीतून एसीच्या मशीनकडे परत येते. ती जाळी केवढी हवी, हे मला ठरवायचं होतं. एकटीच्या जबाबदारीचं पहिलंच काम. पुन्हा पुन्हा हिशेब केला, उत्तर तेच आलं, तरी वही मिटवेना. त्यात बंगल्याच्या मालकीणकाकू म्हणाल्या, "खुराड्याचं दार दिसायलंय गं भिंतीला! निम्मी कर की." मी मान डोलवणारच होते.

तेवढ्यात, तुमच्यासोबत कामावर गेले होते ते पालमचं घर आठवलं. उन्हाळा आहे, तुम्ही बनवून दिलेला कूलर घरघरतोय आणि तक्रार आहे की अंग नुसतं चिकचिक करतंय. तुम्ही कूलरला हातही लावत नाही. समोरची बंद खिडकी उघडता. घरातली आजी ओरडते, "आरं, गारवा समदा बाहेर जायलाय की!" तुम्ही हसता. "जाऊ द्या, आजी. जुनी हवा गेल्याबिगर नवी कुठून यायची?" मग माझ्या हातात सुतळीचा एक धागा देऊन मला खिडकीशी उभं करता. धागा बाहेर झेपावतो, पंख्याची घरघर हलकी होते. परतताना मात्र रागावता. "खिडकी बंद हाय, हे तुला आधीच दिसलं होतं. बोलली का न्हाईस?" मी म्हणते, लोक चिडतील. "चिडू दे. उकाड्यात त्यांनाच झोपायचंय."

म्हणून आज बोलले, आबा. "काकू, जाळी लहान केली तर मशीनला हवा पुरणार नाही, दिवसभर शिट्टी वाजेल. रंग तुम्ही म्हणाल तो देते, माप हेच राहील." काकू फणकाऱ्याने आत निघून गेल्या. दुपारी मशीन सुरू झालं तेव्हा जाळीखाली येऊन कान देऊन उभ्या राहिल्या. "चालू हाय का बंद? आवाजच येईना!"

हे पत्र कुठे पाठवायचं नाही, म्हणून सांगते. हवा मोजायचं यंत्र वापरून मी बॅगेत ठेवलं होतं, सगळं बरोबर आलं होतं. तरी सुतळीचा धागा काढून जाळीपाशी धरला. तो आत ओढला गेला. काकूंनी विचारलं, काय करायलीस? म्हटलं, तपासायलेय. तपासून केव्हाच झालं होतं.