रुळांवर गोठलेल्या हॉटेलास बर्फ वितळेपर्यंत मुदत मिळण्याबाबत

प्रति,
मा. विभागीय अधीक्षक,
लोहमार्ग विभाग, गवताळ शाखा,
फोर्ट ब्रॅम्बल, सस्कॅचवान प्रांत.

विषय : हार्टवेल स्थानकानजीक रुळांवर उभे असलेले हॉटेल न पाडण्याबाबत तिसरी विनंती.

संदर्भ : १) आपला नकार, दि. २९ जानेवारी १९१२.
२) आपला दुसरा नकार, दि. १२ फेब्रुवारी १९१२, निरीक्षक श्री. क्रॅडक यांच्या हस्ते.

महोदय,

खाली सही करणारी अर्जदार श्रीमती रान्वेग स्कोगेन, विधवा, व्यवसाय हॉटेल, मूळ राहणार नॉर्डाल, हल्ली मुक्काम आपले रूळ, पुढील हकीकत आदरपूर्वक आपल्यासमोर मांडत आहे.

१. पाच वर्षांपूर्वी आपल्या विभागाच्या मोजणीदारांनी नॉर्डाल गावातून लोहमार्गाच्या खुंट्या ठोकल्या. त्या खुंट्यांवर विश्वास ठेवून अर्जदाराचे पती कै. सिव्हर्ट यांनी दुमजली हॉटेल बांधले व जेवणघराची मोठी खिडकी मुद्दाम खुंट्यांच्या दिशेने काढली. जेवता जेवता माणसाला आगगाडी दिसावी, एवढीच त्यांची हौस होती. पुढे मार्ग चार मैल दक्षिणेला नेण्यात आला. नॉर्डालला चढ आहे, असे कारण कळवण्यात आले. आमच्या भागात चढ पाहायचा तर खुर्चीवर उभे राहावे लागते. तरी त्याबद्दल अर्जदाराची आज तक्रार नाही. सिव्हर्ट मात्र दोन वर्षे त्या खिडकीतून गवत पाहत राहिले, आणि गाडी न पाहताच गेले.

२. गाडी गावाकडे येत नाही म्हटल्यावर गावाने गाडीकडे जायचे ठरवले. यात नवल करण्यासारखे काही नाही. या मुलखात निम्मी गावे अशीच जागची हललेली आहेत. हिवाळ्यात घराखाली दोन जाड ओंडके बांधायचे, पुढे घोडे जुंपायचे आणि घर बर्फावरून ओढत न्यायचे. दुकान गेले, लोहाराचा भाता गेला. शाळा तर वर्ग चालू असताना गेली. भूगोलाच्या तासाला निघाली आणि पाढे म्हणत पोचली. अर्जदाराचे हॉटेल शेवटी निघाले. आत तीन उतारू होते व चुलीवर मटणाचा रस्सा होता. दोघांचेही हाल होऊ नयेत म्हणून चूल विझवली नाही.

३. नवी वस्ती रुळांपलीकडे असल्याने हॉटेल रूळ ओलांडून न्यावे लागणार होते. तशी परवानगी आपण दिली होती व गाडी यायला भरपूर अवकाश होता. परंतु रुळांना लागूनच आपल्याच मार्गावरील मुकादमाचे घर आहे. त्यांच्या पत्नी गुन्वोरबाई दारात येऊन सगळ्यांना कॉफीला या म्हणाल्या. ओढले जाणारे घर कधीही थांबवू नये, हे इथे सर्वांना ठाऊक आहे. ओंडके घासून तापलेले असतात, थांबले की खालचा वितळलेला बर्फ पुन्हा धरतो. घोडे हाकणारे हाल्वर तुफ्ते यांनी ही अडचण त्याच वेळी स्पष्ट बोलून दाखवली. "थांबलो तर गोठू," ते म्हणाले, "आणि नाही थांबलो तर गुन्वोर माझ्या पोरांच्या लग्नालासुद्धा येणार नाही."

४. येथे आम्हा नॉर्वेकडच्या लोकांची एक रीत आपल्या माहितीसाठी नमूद करणे भाग आहे. कॉफी विचारली की पहिल्यांदा नको म्हणायचे. दुसऱ्यांदा विचारले तरी नको म्हणायचे. तिसऱ्यांदा विचारले की बसायचे. पहिल्याच हाकेला बसणारा अधाशी समजला जातो, आणि तिसऱ्यांदा न विचारणारी बाई कंजूष. घोडेवाले, उतारू, पाद्री आणि बघायला जमलेले सर्व गाव एकेक करून दोनदा नको म्हणाले. गुन्वोरबाईंनी प्रत्येकाला तीनदा विचारले. त्यानंतर प्रत्यक्ष कॉफी झाली. परत येऊन पाहतो तो हॉटेल बरोबर रुळांच्या मध्यावर गोठले होते, आणि चुलीच्या उबेने खालचा बर्फ वितळून पुनःपुन्हा घट्ट होत होता. घोड्यांनी जोर लावताच जिन्यापाशी भिंत फाटू लागली, म्हणून थांबवले.

५. त्या संध्याकाळी पूर्वेकडून आलेल्या गाडीच्या चालकांना, श्री. मॅकलिश यांना, रुळांवर दिव्याने उजळलेली खिडकी दिसली. गाडी वेळेत थांबली. श्री. मॅकलिश दार वाजवून आत आले व त्यांनी टोपी काढून विचारले, "बाई, हे हार्टवेल स्टेशन, की तुमचं घर?" अर्जदाराने सांगितले, "दोन्ही. पाय पुसून या." त्यांनी अंडी मागितली.

६. तेव्हापासून वाहतूक बंद पडल्याचे आपल्या पत्रात म्हटले आहे, ते वस्तुस्थितीस धरून नाही. एक गाडी पूर्वेच्या दाराशी उभी राहते, दुसरी पश्चिमेच्या. प्रवासी एका दाराने आत येतात, जेवतात आणि दुसऱ्या दाराने पुढच्या गाडीत बसतात. टपालाची थैली जेवणाच्या टेबलावरून सरकवली जाते. धान्याची पोती स्वयंपाकघराच्या खिडकीतून जातात. एक गाय मात्र दिवाणखान्यातून न्यावी लागली. तिचे वर्तन काही प्रवाशांपेक्षा सभ्य होते.

७. आपला दुसरा नकार घेऊन श्री. क्रॅडक पश्चिमेकडून हाताने चालवायच्या ट्रॉलीवर आले. दि. ४ मार्च रोजी बर्फ फोडणारे इंजिन आणून हॉटेल हटवण्यात येईल, असे त्यांनी वाचून दाखवले. वाचन होताच गुन्वोरबाईंनी त्यांना कॉफी विचारली. ते नको म्हणाले. पुन्हा विचारल्यावर ते, "नको म्हटलं ना," असे म्हणाले. हे ऐकून गुन्वोरबाई सर्वांदेखत म्हणाल्या, "शहरातला माणूस, पण वळण बघा." त्यांनी खुर्ची ओढली. श्री. क्रॅडक यांनी तीन कप घेतले, बटाट्याच्या पोळ्या खाल्ल्या, आणि बाहेर गेले तेव्हा त्यांच्या ट्रॉलीची चाके रुळांना चिकटलेली होती. ते सध्या वरच्या मजल्यावरील उबदार खोलीत आहेत. इंजिन पश्चिमेकडून आल्यास प्रथम विभागाची ट्रॉली लागेल, हे त्यांनीच अर्जदाराच्या लक्षात आणून दिले.

८. अर्जदारास दुसरे घर नाही व दुसरा व्यवसायही नाही. हॉटेल फुटले तर तिला नॉर्डालला परत जाता येणार नाही, कारण नॉर्डाल आता तिथे नाही. सबब विनंती की, बर्फ वितळेपर्यंत हॉटेलास हात लावू नये. बर्फ सुटताच हाल्वर तुफ्ते ते न थांबता पलीकडे नेतील. गुन्वोरबाईंनी त्या दिवशी पडदे ओढून घेण्याचे कबूल केले आहे. तेवढीही मुदत देणे शक्य नसल्यास रूळ हॉटेलाला वळसा घालून न्यावेत. मार्ग बाजूला नेण्याचा विभागास अनुभव आहे.

९. एक गोष्ट शेवटी. रोज संध्याकाळी पूर्वेची गाडी येते तेव्हा तिचा दिवा सिव्हर्टच्या खिडकीत उजळतो आणि जेवणारे सगळे क्षणभर हातातला घास तसाच धरून बघतात. निदान हा हिवाळा तरी ती खिडकी राहावी.

१०. आपल्या दोन्ही नकारांबद्दल गावात कोणाच्याही मनात किंतु नाही. उलट, आपण रीतीप्रमाणे दोनदा नको म्हणालात, याचे सर्वांना समाधान वाटले. हा अर्ज तिसरा आहे. कॉफी चुलीवर आहे.

आपली नम्र, व तूर्त आपल्याच रुळांवर मुक्कामी,
(सही) रान्वेग स्कोगेन
दि. २६ फेब्रुवारी १९१२

सोबत :
१) दोन्ही नकार, मूळ प्रती.
२) चालक श्री. मॅकलिश यांचा अंड्यांविषयीचा अभिप्राय.
३) बटाट्याच्या पोळ्या, कापडात बांधलेल्या. लोणी लावून खाव्यात.
४) श्री. क्रॅडक यांचा बर्फ वितळेपर्यंतच्या रजेचा अर्ज.