पगारी खेळाडूंचं फाटक

हॉलोडेन, केंट
१२ जून १८७४

ती. हेस्टरताईस लँबर्टचा सा. न. वि. वि.

इकडे तुझी भावजय लुइझा आणि मुली मजेत. बातमी माझीच आहे, आणि ती काकांनी तिखटमीठ लावून तुला कळवण्याआधी मीच सांगतो.

शनिवारच्या सामन्यात मी एकसष्ट धावा केल्या, त्याचं कुणाला काही नाही. जेवणाच्या सुट्टीत आम्ही हौशी, बिनपगारी सभ्य मंडळी तंबूत गार सामन मासा आणि शॅम्पेन झोडत होतो. आणि ज्या जेबेझ स्टॉटने सात गडी बाद करून सामना आमच्या हातात दिला, तो इतर पगारी खेळाडूंबरोबर छपरीमागे पाव-चीज चावत होता. हे नेहमीचंच, पण त्या दिवशी मला घास गिळवेना. ताट उचललं आणि त्यांच्यात जाऊन बसलो.

झालं! क्लबच्या कमिटीला लेखी माफी हवी आहे, मुदत ऑगस्टच्या सामन्यापर्यंत. ऑगस्टसकाका म्हणाले की पगारी लोकांच्या पंगतीला बसणाऱ्या बँकरवर गाव विश्वास कसा टाकणार. माफी लिहिली नाही तर बँकेत कै. बाबांच्या जागी भागीदार म्हणून माझं नाव लागणार नाही. अकरा वर्षं त्या जागेसाठी राबलो गं. तरी लिहिणार नाही. पाव खाल्ल्याची कसली माफी?

रागावलीस तरी लोभ आटू देऊ नकोस.
तुझा, लँबर्ट

बाथ
१६ जून

चि. लँबर्टास अनेक आशीर्वाद.

शहाणाच आहेस! चाळिशी आली, टक्कल पडलं, पण डोक्यातलं वारं काही गेलं नाही. दोन ओळी खरडायला तुझं काय जातं? बाबांनी बँक उभी केली ती काकांच्या जावयासाठी नव्हे, आणि तू अडून बसलास की तोच तिथे बसणार.

आणि एक विचारते. तू स्टॉटसाठी उठलास की स्वतःच्या रुबाबासाठी? हा पाहुणा हवा होता का, असं त्याला कुणी विचारलं? आधी ते विचार, मग छाती काढ.

आशीर्वाद आहेतच, थोडी अक्कलही मागून घे.
तुझी ताई, हेस्टर

हॉलोडेन
४ ऑगस्ट

ती. ताईस सा. न.

विचारलं. स्टॉट भडकलाच. म्हणाला की मी येऊन बसलो आणि ते चौघे उभे राहिले; माझ्यासमोर खायची चोरी, हसायची चोरी. घासभर त्यांच्यात आणि मग परत तंबूत, ही कसली दोस्ती? यायचंच तर दिवसभर यावं, मैदानातही पगारी लोकांच्या वेगळ्या फाटकातून उतरावं.

काल बँकेला सुट्टी होती आणि सामनाही. मी कपडे पगारी खेळाडूंच्या छपरीत बदलले आणि त्यांच्याच फाटकातून मैदानात उतरलो. कॅप्टन पॅव्हेलियनमधून ओरडला की परत जा आणि सभ्य माणसांच्या दाराने ये. गेलो नाही. लोक हुर्यो करत होते. आणि ताई, पहिल्याच चेंडूवर त्रिफळा! भोपळा घेऊन त्याच फाटकातून परतलो. स्टॉट बाकावर सरकला. या खेपेला कुणी उभं राहिलं नाही, उलट सगळ्यांनी मला मनसोक्त चिडवलं. इतक्या सुखात मी कधी बाद झालो नव्हतो.

संध्याकाळी काकांनी बँकेत पाऊल टाकू नकोस म्हणून बजावलं. आता जावयाच्या नावासाठी ते तुझ्याकडे येतील. बाबांचा हिस्सा तुझ्या नावे आहे, तुझ्या सहीशिवाय त्यांना पुढे जाता येत नाही. कर सही. घरात भांडण नको, आणि माझा तुझ्यावर राग नाही.

होता तेवढा लोभ राहू दे.
तुझा, लँबर्ट

बाथ
७ ऑगस्ट

चि. लँबर्टास अनेक आशीर्वाद.

काका काल जावयाला घेऊन आले. टाक-दौतसुद्धा घरूनच आणली होती. मी चहा दिला, केक दिला, सही दिली नाही. त्यांनी आधी गोंजारलं, मग डोळे वटारले, की बायकांना व्यवहारातलं काय कळतं. मी सांगितलं की नाव लागेल तर लँबर्टचंच, आणि तोवर त्या जागी मी बसेन. दोघेही हसले.

हसू देत. तुला माफी लिहायला मीच सांगितलं होतं, त्याची मला लाज वाटते. मंगळवारी बाजार, सगळा गाव बँकेत येतो. मी सोमवारच्या गाडीने निघते, स्टेशनवर ये. दहाला दार उघडेल तेव्हा मी बाबांच्या जागी बसलेली असेन. मला उठवायचं असेल तर काकांना म्हणावं, चार गडी घेऊन या.

लोभ पत्रातून पाठवत नाही, घेऊनच येते.
तुझी ताई, हेस्टर